शिरीषाच्या पोटातलं सिमेंट

मी गेलो होतो एका साध्या बातमीसाठी. रुग्णालयाच्या आवारातला भलाथोरला शिरीष सोमवारी तोडणार होते. त्याच्या सावलीत रोज दोनशे नातेवाईक बसतात. त्यांना उन्हात हाकलायचं आणि तिथं मोटारी लावायच्या, असा बेत.

"झाड पोकळ आहे, धोकादायक आहे," अधीक्षक म्हणाले.

"तुमच्या वॉर्डाचं छतही धोकादायक आहे. ते कधी पाडताय?"

त्यांनी मला चहा विचारला नाही. वृक्षतज्ज्ञ बाईंनी मात्र एक संधी दिली. बुंध्यातली ढोली मोकळी करा, आतलं लाकूड धड निघालं तर झाड राहील. संध्याकाळी येऊन पाहते.

ढोली मोकळी करायची म्हणजे सिमेंट फोडायचं. फोडायला बसले इथले माळीकाका; बावीस वर्षांपूर्वी ते त्यांनीच भरलं होतं. काका आणि काकू, दोघंही इथंच माळीकामाला. झाड त्यांनी रोपापासून वाढवलेलं. मोठी फांदी मोडून ढोली पडली, तेव्हाच्या अधीक्षकानं हुकूम सोडला, बुजवून टाका. तेव्हा तशीच रीत होती.

"ती नको म्हणत होती," काका छिन्नी लावत म्हणाले. "पाणी आत कोंडेल, झाड घुसमटेल. खाटेवरून सांगत होती हो, त्या समोरच्या वॉर्डातून. मी म्हटलं, तू गप पड, आधी स्वतःचं बघ."

"मग?"

"मग काय... निरोप आला, लवकर या. हात सिमेंटात. साहेब उभे डोक्यावर. म्हटलं, एवढं घमेलं संपवून जातो." हातोडा थांबला. "पोचलो तर चादर ओढलेली."

त्या अधीक्षकाला पुढं बढती मिळाली, हे मी नंतर शोधून काढलं.

वारा पडला होता. शिरीषाची पानं मिटायला लागली होती. काकांनी घाव घातला. आतून तसाच एक आवाज आला, पण जरा उशिरानं.

"पोकळ खोडात घुमतं," मी मोठ्यानं म्हणालो.

पुन्हा आवाज आला. काकांनी हातोडा माझ्यापुढं धरला. "आता तर मी मारलाच नाही, साहेब..."

मग काका घाईनं, वेड्यासारखे घाव घालू लागले. सिमेंटचा गड्डा सुटला, आख्खाच बाहेर आला. आतून गार हवा अंगावर आली. कुजका वास येईल म्हणून मी नाक धरलं होतं. वास आला तो औषधांचा.

बाई आल्या. बॅटरी लावून त्यांनी खांद्यापर्यंत हात आत घातला, लाकूड चाचपलं. "चांगलं वीतभर जाड आहे. कुणी हात लावायचा नाही झाडाला," म्हणाल्या आणि तिथंच सही करून गेल्या. मला नाचावंसं वाटलं.

गड्डा हलवायला आम्ही तो उलटा केला. आतली बाजू आजवर कुणी पाहिलीच नव्हती. ओल्या सिमेंटात आतून दाबल्यासारखा एका पंज्याचा ठसा होता. लहानखुरा, बायकी.

"छापू नका हे," काका म्हणाले. खाली बसून त्यांनी आपला थोराड पंजा त्यावर अलगद टेकवला. बराच वेळ ते तसेच होते.

"उठा काका. अंधार होईल."

त्यांनी मान वर केली. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, पण चेहरा हसरा होता.

"थांबा जरा," ते कुजबुजले. "हात धरलाय तिनं..."