हकीमच्या पोटातली यामना

त्या दुपारी डॉक्टर नजवा रुग्णालयात गेली ती फक्त हकीमची नक्कल काढायला. राजधानीतून फोन आला होता. सोमवारी माणूस येईल, त्याच्या हाती फ्लॉपी द्या, आता दक्षिणेतल्या सगळ्या रुग्णालयांत हकीम बसवायचा आहे. फ्लॉपींचा नवाकोरा डबा काखेत आणि ओढणी नाकातोंडावर घट्ट, अशी ती खजुराच्या बागांच्या कडेने निघाली. सकाळपासून शहिली सुटला होता. वाळवंटातून येणारा हा वारा सुरू झाला की गावातली कुत्रीसुद्धा भुंकायचा कंटाळा करतात. आकाश विटकरी झालं होतं, आणि भर दुपारी लोकांनी घरात दिवे लावले होते.

हकीम म्हणजे माणूस नव्हे. विंचू चावलेल्यांसाठी रुग्णालयात जी वेगळी खोली होती, तिच्या कोपऱ्यातला तो संगणक. गावाने त्याला हकीम म्हणायला सुरुवात केली आणि तेच नाव चिकटलं. त्याचं काम सोपं होतं. नवा रोगी आला की त्याचं वय, दंशाची जागा, घाम, उलट्या, नाडी, श्वास एवढं त्याला सांगायचं. मग तो साठवलेल्या जुन्या रोग्यांतून सगळ्यांत जुळणारा शोधून पडद्यावर आणायचा. हा असा होता, याला हे दिलं, याचं पुढे असं झालं. कोण किती जुळतो तेही शेकड्यात सांगायचा. डॉक्टरांनी त्यावरून काय ते ठरवायचं.

हे जुने रोगी सगळे सी तय्यबचे, या खोलीच्या आधीच्या डॉक्टरांचे; वडीलधाऱ्यांना गाव मानाने 'सी' लावायचं. गावातला प्रत्येक विंचू त्यांना ओळखतो असं लोक गमतीने म्हणत. निवृत्तीनंतर ते रोज चहा आणि शेंगदाणे घेऊन हकीमसमोर बसायचे, डोळे मिटून एकेक रोगी सांगायचे, आणि नजवा टाइप करायची. काय त्यांची स्मरणशक्ती! कुणाच्या कपाळावर घाम आधी आला, कुणाने शेवटी पाणी मागितलं, सगळं. फक्त एक गोष्ट होती. ते मेलेलेच सांगायचे.

"बरे झालेले सांगा की, सी तय्यब," नजवा एकदा म्हणाली होती.

"त्यांनी मला काय शिकवलं, पोरी? उठले आणि गेले. निदान आभार तरी मानायचे!" म्हातारा हसला होता. मग म्हणाला, "मेलेले कुठे जात नाहीत. ते इथेच राहतात."

गेल्या हिवाळ्यात सी तय्यब वारले. तेव्हापासून नजवा चिकाटीने बरे झालेले रोगी हकीममध्ये भरत होती, पण हकीम धावायचा तो जुन्यांकडेच. हे पाहून तिच्या अंगाचा तिळपापड व्हायचा. कारण खोलीत आता एक वाईट रीत पडली होती. हकीमने मेलेला माणूस दाखवला की सगळ्यांचे हात ढिले पडायचे.

तिने पहिली फ्लॉपी आत सरकवली तोच बाहेर गाडीचा हॉर्न वाजला. वाजतच राहिला.

शेजाऱ्याच्या मालवाहू गाडीतून एक बाई उतरली. तिच्या खांद्यावर आठनऊ वर्षांची मुलगी लोंबत होती. बाईचं नाव सालहा, मुलगी शैमा. भट्टीसाठी खजुराच्या वाळक्या झावळ्या ओढताना डाव्या पायाला विंचू डसला होता. काळा, जाड शेपटीचा. मुलगी घामाने निथळत होती आणि दारातच तिला उलटी झाली.

"मोठ्या रुग्णालयात न्यायचं?" सालहाने विचारलं.

"रस्ता दिसत नाही, बाई. इथेच लढू," नजवा म्हणाली.

सी अमारा हा खोलीतला जुना परिचारक. त्याने झटपट ऑक्सिजन लावला. नजवाने विषावरची लस टोचली, हृदयाला बळ देणारं औषध थेंबाथेंबाने सुरू केलं, आणि सवयीने हकीमला सगळं सांगितलं. यंत्र कुरकुरलं. पडद्यावर हिरवी अक्षरं आली. मुलगी, वय नऊ, उजव्या पायाला दंश. जुळणी शेकडा सत्तर. शेवट: मृत्यू.

नजवाने ती लगेच ओळखली. हकीमच्या नोंदीत नावं नसत, पण ही सांगताना सी तय्यब रडले होते. यामना. लाल फ्रॉक घातलेली. त्यांच्या उमेदीतली पहिली मेलेली पोर.

सी अमाराने मान लांब करून पडदा वाचला. डोक्यावरची लाल लोकरी टोपी हळूच काढून हातात घेतली. "डॉक्टर… आईला सांगू का?"

"टोपी घाला!" नजवा खेकसली. "मुलगी श्वास घेतेय. दिसत नाही?"

त्याने टोपी घातली. पण ऑक्सिजनची नळी धरलेला त्याचा हात सैल पडलेला तिने पाहिला.

तेवढ्यात यंत्र पुन्हा कुरकुरलं. पडद्यावर एक प्रश्न उमटला.

उजवा पाय नीट बघितलास का, पोरी?

नजवाने तो पुन्हा वाचला. हकीमचे सगळे प्रश्न तिने स्वतः लिहिले होते, तेही फ्रेंचमध्ये. हा प्रश्न तिने लिहिलेला नव्हता. तो घरगुती अरबीत होता, जशी ती चहा पिताना बोलली जाते तशी. आणि खोलीत शेंगदाणे भाजल्याचा वास येत होता.

तिने टाइप केलं: डावा.

"डॉक्टर…" पलंगाकडून सी अमाराचा आवाज आला. "उजवा."

ती वळली. डाव्या पायावर, जिथे तिने मघाशी स्वतः औषध लावलं होतं, तिथे काहीच नव्हतं. औषधाचा डाग होता, दंश नव्हता. उजव्या घोट्याखाली मात्र लाल ठिपका, आणि भोवती सूज.

पडद्यावरची जुळणी ऐंशी झाली.

बाहेर वारा दाराला अंग घासत होता. दिवा मंदावला, पुन्हा पेटला. सालहा मुलीच्या तोंडावरून हात फिरवत होती. "शैमा… ए शैमा, बघ ना गं माझ्याकडे."

मुलीने डोळे उघडले. आईकडे पाहिलं. ओळख नसलेल्या माणसाकडे पाहावं तसं.

"माझा लाल फ्रॉक कुठाय?" ती म्हणाली.

"हिच्याकडे लाल फ्रॉक नाहीच," सालहा पुटपुटली. "कधीच नव्हता… डॉक्टरबाई, ही असं का बोलते?"

नव्वद.

मुलीच्या छातीतून बारीक घरघर सुरू झाली. नजवाला हा आवाज ठाऊक होता. फुप्फुसात पाणी भरू लागलं की येतो. यामनाच्या नोंदीतही तो होता, आणि त्यानंतरची ओळ शेवटाची होती.

भीती वाटली का तिला? वाटली. पण भीतीपेक्षा मोठा संताप आला, आणि तो सरळ त्या मेलेल्या म्हाताऱ्यावर आला. हकीम काही जुळणारी मुलगी शोधत नव्हता. तो या मुलीला जुळवून घेत होता. एकेक खूण उचलून दुसरीची खूण तिथे बसवत होता. शंभर झाले की संपलं.

म्हणजे न जुळणारं सांगायचं. बस्स.

हकीमच्या पानावर अगदी खाली एक रिकामी जागा होती, 'आणखी काही' अशी. तिच्यात कुणी कधी काही लिहीत नसे.

"सालहा, तुझ्या पोरीबद्दल सांग. पटापट."

"काय सांगू?"

"जे फक्त तिचंच आहे ते. खोड्या सांग. वेड सांग."

"आत्ता? या वेळी?"

"आत्ताच! बोल!"

सालहाने ओढणीने नाक पुसलं. "कोंबड्यांना घाबरते… अंधाराला नाही घाबरत, विहिरीत उतरते मेली, पण कोंबडी दिसली की किंचाळते."

नजवाने लिहिलं. एकोणनव्वद.

"हरीसा, ती मिरचीची तिखटजाळ चटणी, बोटाने चाटते, मग डोळे चोळते आणि रडते. रोज! रोज तेच! अक्कल म्हणून नाही. पत्त्यांत लबाडी करते, आजीलासुद्धा फसवते. शिट्टी वाजवते. मुलींनी वाजवू नये म्हणून कितीदा मारलं, तर मार खाताना वाजवली कार्टीने!"

ऐंशी. पंच्याहत्तर. सालहाचा आवाज आता चढला होता. भांडायला उभी राहिल्यासारखी ती पलंगाच्या कडेला उभी होती.

यंत्र कुरकुरलं. घाई करू नकोस, पोरी. ही माझी आहे.

"नाही," नजवा मोठ्याने म्हणाली, आणि तेच टाइप केलं. नाही. "तुमची तुमच्यापाशी ठेवा, सी तय्यब. ही हिच्या आईची आहे. सालहा, थांबू नकोस!"

"दात पडला तर तो गाढवाला खायला घातला. आणि त्या गाढवाला…" दाराकडे बघून तिने आवाज खाली आणला. "हे लिहू नका हं, बाई. आम्हाला उचलून नेतील. त्या गाढवाला ती 'मंत्रीसाहेब' म्हणते."

सी अमाराच्या तोंडून फस्सकन हसू फुटलं. त्या खोलीत, त्या वेळी! त्याने जीभ चावली, पण नळी धरलेला त्याचा हात घट्ट झाला होता.

"लिहिते," नजवा म्हणाली. "ठळक अक्षरांत लिहिते. यायचं तर येऊ देत पोलीस!"

मंत्रीसाहेब. तिने शेवटचं बटण इतक्या जोरात दाबलं की फ्लॉपींचा डबा खाली पडला. जुळणी पन्नासच्या खाली घसरली. पडदा थरथरला, शेंगदाण्यांचा वास अचानक करपला, आणि पलंगावरची मुलगी पाठीची कमान करून एवढ्या जोरात खोकली की तोंडातून गुलाबी फेस आला. तिघेही तिच्यावर धावले. पुढे हकीमकडे कुणी पाहिलं नाही. औषध वाढवलं, मुलीला बसतं केलं, ऑक्सिजनची पिशवी सी अमारा हाताने दाबत राहिला. हात भरून आले तरी त्याने ती दुसऱ्याला दिली नाही. सालहा बोलतच होती, शिव्या आणि लाड एकाच दमात.

वारा पडला तेव्हा घरघर थांबली होती. मुलीने डोळे उघडून विचारलं, "आई, एवढी का ओरडतेस?"

सालहा मटकन खाली बसली आणि हुंदके देऊन रडली. नजवाही रडली. तिला त्याची लाज वाटली नाही.

राजधानीच्या माणसाला सोमवारी रिकाम्या हाताने परत जावं लागलं. फ्लॉपींत वाळू गेली, असं नजवाने त्याला डोळ्यांत डोळे घालून सांगितलं.

आठवडाभराने शैमा घरी निघाली. दंशाची खूण उजव्याच पायावर होती. सालहाने नजवाला बाजूला घेतलं.

"बाई, रात्री ही झोपेत बोलते. लाल फ्रॉक मागते. काल आमच्या गावची गल्ली सांगत होती, पण जुनी, मोठ्या पुराआधीची. मी लहान असताना होती तशी."

"मी तिला लाल फ्रॉक शिवायला टाकलाय," सालहा म्हणाली आणि हनुवटी वर केली. "एक जाणार होती, दोन आल्या असतील तर येऊ देत. घरात भाकर आहे. पण परत कुणी मागायला आलं ना, तर दारात मी उभी आहे, सांगून ठेवा."

फाटकाशी गाढवाची गाडी उभी होती. शैमाने लांबूनच शिट्टी मारली. "मंत्रीसाहेब!" सालहाने तिच्या तोंडावर हात दाबला, पण हसणं तिलाही आवरेना. नजवाच्या छातीवरचा दगड उतरला. ही शैमाच होती, शंकाच नको.

मुलगी गाडीत चढली, आणि वळून नजवाकडे पाहून अगदी साध्या आवाजात म्हणाली, "सी तय्यबना सांगा, मी घरी गेले."

नजवाने फाटक लावलं. मग आत आली आणि हकीम सुरू करून तिने यामनाची नोंद काढली. वय होतं, दंश होता, दिलेलं औषध होतं. शेवटाची जागा कोरी होती.

तिने पुढची नोंद काढली. मेंढपाळाचा मुलगा, मानेवर दंश. शेवट कोरा. त्यापुढची म्हातारी, कोरा. बाळंतीण, कोरा. ती बटण दाबत गेली. सी तय्यबनी डोळे मिटून सांगितलेल्या सगळ्यांचे शेवट पुसलेले होते. सगळे अर्धवट थांबले होते, जुळणाऱ्या कुणाची तरी वाट बघत.

बाहेर हॉर्न वाजला.

"डॉक्टर!" सी अमाराने हाक मारली. "मेंढपाळाचं पोर आहे. मानेवर…"

यंत्र आपसूक कुरकुरलं. तिने काहीही टाइप केलं नव्हतं. पडद्यावर अक्षरं उमटली.

आणखी काही, पोरी?

नजवाने वाकून हकीमची वायर भिंतीतून उपटली, मनगटाला गुंडाळली आणि स्टूल ओढून पलंगापाशी बसली. पडद्याकडे तिने पाठ केली होती. पोराला कवेत घेतलेला बाप दारात उभा होता.

"इकडे ठेवा त्याला," ती म्हणाली. "नाव सांगा. आणि खोड्या सांगा. एकही विसरू नका."

बाप चाचरत बोलू लागला. नजवाने सुई भरली. समोरच्या भिंतीवर तिची सावली पडली होती, काळी आणि ठसठशीत, आणि तिच्या कडेने पडद्याचा हिरवा उजेड अजून तसाच होता.