टोपड्यावरची आठवी पाकळी

विश्वास ठेवा नाहीतर सोडून द्या. मी प्रार्थनाघरात देवाचं नाव गाणारी बाई आहे. त्याला साक्षी ठेवून खोटं रचायची माझी छाती नाही. हे माझ्या डोळ्यांसमोर घडलं.

११ जानेवारी १९९७, शनिवार. उत्तर नॉर्वेतलं आमचं स्काल्वो बेट. दुपारचे दोन वाजले होते.

दुपार म्हणायची ती घड्याळापुरती. त्या दिवसांत आमच्याकडे सूर्य उगवतच नाही. आकाश निरभ्र होतं. भरदुपारी चांदण्या लखलखत होत्या.

माझ्या थोरल्या बहिणीची, टोरलाउगताईची मुलगी पाच आठवड्यांची झाली होती. दुसऱ्या दिवशी तिचा बाप्तिस्मा. मी तिचं टोपडं भरत बसले होते.

आमच्याकडे बाळाच्या टोपड्यावर आठ पाकळ्यांची चांदणी काढतात. पण भरायच्या सातच. आठवी कोरी सोडायची.

ती वरच्या शिंपिणीची.

तिचं खरं नाव कुणी घेत नाही. आभाळात चमकतात ती तिच्या सुईची भोकं, आणि माणूस म्हणजे तिनं ओवलेला दोरा. आठवी पाकळी पुरी झाली की ती दोरा तोडते. म्हणून बाप्तिस्म्याआधी बाळाचं नाव उच्चारत नाहीत. आणि सुई हातात असताना कुणी "कुणासाठी?" विचारलं, तर उत्तर एकच... "कुणासाठीच नाही."

आमचे पाद्रीबाबा यावर हसायचे. मीही हसायचे.

निघताना ताईनं माझ्या कामात डोकावून पाहिलं. "गुनवोर, हे टाके म्हणायचे का? आमच्या बोकडाचे पाय याहून सरळ पडतात."

"मग बोकडालाच बसव भरायला. जा, मासे घेऊन ये. उद्या पाहुण्यांना काय माझे टाके वाढणारेस?"

हसत हसत ती कंदील घेऊन खाली धक्क्यावर गेली. भावोजी बोटीवर होते. घरात मी आणि पाळण्यातलं बाळ.

सातवी पाकळी संपत आली होती...

स्वयंपाकघरातून ताईचा आवाज आला. "कुणासाठी गं, एवढं मन लावून?"

माझं लक्ष टाक्यात. "आपल्या सिग्नीसाठी," मी म्हणाले.

लगेच जीभ चावली. पण विचारणारी ताईच तर होती.

"एवढ्यात आलीस?"



मी खिडकीबाहेर पाहिलं...

ताईचा कंदील अजून खाली धक्क्यावर हलत होता.

मी सुई टाचण्यांच्या उशीत टोचली. टोपडं टेबलावर ठेवलं.

टच... सर्र.

कापडात सुई शिरावी आणि मागून दोरा ओढला जावा, तसा आवाज. माझी सुई तर समोर उशीत होती.

आठव्या पाकळीच्या टोकाशी एक पांढरा टाका पडला होता. अगदी सरळ. माझ्या हातचा नव्हताच तो.

टच... सर्र. दुसरा.

पाळण्यात बाळाचा श्वास अडकला. तिसऱ्याला ओठ निळसर झाले.

मी कात्री घेऊन टाका कापायला गेले. पातं दोऱ्याला टेकलं मात्र, पोर अशी किंचाळली की कात्री हातातून गळून पडली.

एका पाकळीला पंधरा टाके लागतात. पाच पडले होते.

मला काही सुचेना. बाळाला छातीशी धरलं आणि गायला लागले. आमच्या प्रार्थनाघरात प्रवचन नुसतं बोलत नाहीत, गातात. जन्मापासून तेच कानात. तोंडात दुसरं येणार तरी काय?

टाक्यांचा आवाज थांबला.

बाळानं श्वास घेतला. ओठ गुलाबी झाले. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. कडवं संपलं, मी दम घेतला...

टच... सर्र.

ती माझ्या श्वासाची वाट बघत होती.

मग मी ओळी लांबवल्या. छाती फुटेस्तोवर स्वर धरला. तरी माणसाला श्वास घ्यावाच लागतो. ताई दारात आली तेव्हा तेरा टाके झाले होते.

तिनं आधी टोपडं पाहिलं, मग बाळाला, मग मला. "नाव घेतलंस?"

गाता गाताच मी मान डोलावली.

"मूर्ख! अगं, सुई हातात धरून..." माशांची टोपली तिथंच पडली. मी दम घेतला. चौदावा.

तिच्या ध्यानात आलं. पुढच्या श्वासाआधीच तिनं सूर उचलला. मी थांबले की ती धरायची, ती थांबली की मी. मध्ये सुईच्या टोकाएवढीही फट नाही. असं किती तास गायलो ठाऊक नाही. घशातून रक्ताची चव येत होती.

संध्याकाळी ढग आले. एकेक करून चांदण्या झाकल्या गेल्या. बर्फ पडायला लागला. आम्ही दोघींनी एकदम दम घेतला, तरी टाका पडला नाही. बाळ गाढ झोपलं.

दुसऱ्या दिवशी बाप्तिस्मा झाला. पाद्रीबाबांनी टोपडं हातात घेतलं, बराच वेळ बघत राहिले. "आठवी कुणी भरली?"

ताईनं टोपडं त्यांच्या हातून काढून घेतलं.

या वेळी ते हसले नाहीत.

मला वाटलं होतं, बाप्तिस्मा झाला, संपलं. पण पुढच्या निरभ्र दिवशी टोपड्याच्या पेटीतून दोरा ताणल्याचा आवाज आला. तेव्हापासून दर हिवाळ्यात आभाळ मोकळं झालं की आम्ही दोघी पेटीशेजारी बसायचो. ढग येईपर्यंत गायचो. सिग्नीला कधी काही सांगितलं नाही. ती चिडवायची, "आई, मावशी, तुमच्या गाण्यानं शेजारी घर विकून जातील!"

आता ती ट्रॉम्सोला शाळेत शिकवते. लग्न ठरलंय तिचं. आठव्या पाकळीवर अजून चौदाच टाके आहेत.

गेल्या एप्रिलमध्ये ताई गेली.

या हिवाळ्यात आजवर ढगांनी राखलं. सकाळी रेडिओवर सांगितलं, गुरुवारपासून आकाश निरभ्र राहील.

आज मंगळवार. मी एकटीच दम कोंडून गायचा सराव करतेय. फार ताणलं तर एक कडवं निभतं.

त्यानंतर मला श्वास घ्यावा लागतो.