दिमोच्या खेळाचं पान

फोन वाजला तेव्हा योंका शनिवारचे उरलेले गोड गहू वाटीतून खरवडून खात होती.

"मावशी, सगळं गेलं," पलीकडून नेव्हेना म्हणाली. "कुणीतरी पुसून टाकलं."

"काय पुसलं? नीट बोल."

"बाबांचं पान. खेळाचं. साइटवर नाहीच आहे ते."

योंकाची सगळी हयात बंदर पोलिसांत गेली होती. चोरलेली इंजिनं, कापलेली जाळी, राकिया दारूच्या भरात फोडलेली डोकी, सगळ्याचा छडा तिनं लावला होता. इंटरनेटवरचं पान नाहीसं झाल्याची तक्रार मात्र पहिलीच. पण पोरगी रडत होती, आणि राहत होती तीन घरं सोडून. योंका गुडघ्याला शिव्या घालत उठली.

गुडघा शनिवारपासूनच धरला होता. मृतांचा शनिवार. चर्चमध्ये उभं राहून गेलेल्यांची नावं ऐकायची, गहू वाटायचे, घरी यायचं. दर वर्षी अर्ध्या तासात उरकतं. यंदा फादर अतानासची नावं संपता संपेनात. त्यातही कुठली कुठली परदेशी नावं! फादर अडखळत होता, मागच्या बायका हसत होत्या. एक नाव तर चक्क जपानी वाटलं. निम्मं गाव युरोपभर पांगलंय, कुणाकुणाच्या सुना-जावयांकडचे मेले असतील, असं मनाशी म्हणत योंकानं वजन दुसऱ्या पायावर टाकलं होतं.

नेव्हेनाचा बाप दिमो समुद्रात गेला त्याला सहा वर्षं झाली. होडी सापडली नाही, माणूसही नाही. गाव म्हणालं, बुडाला. बायको दोब्रा काहीच म्हणाली नाही. आमच्याकडे माणूस गेला की त्याच्या फोटोचं पत्रक घराच्या दारावर लागतं, बसथांब्यावर लागतं, बेकरीच्या भिंतीवर लागतं, आणि दर वर्षी नवं लागतं. दोब्राच्या दारावर ते कधीच लागलं नाही. विषय काढायची कुणाची छाती नव्हती.

ते पत्रक शेवटी मुलीनं खेळात लावलं. छोटासाच खेळ, नेव्हेनानं एकटीनं बनवलेला. एका माणसाला त्याचा मोठा भाऊ बिघडलेल्या इंजिनावर समुद्रात पाठवतो. त्याची मुलगी रोज संध्याकाळी धक्क्यावर जाते, दिवा लावते, घरी येते. शेवटच्या संध्याकाळी तिच्या दारावर पत्रक असतं आणि त्यावर दिमोचा हसरा फोटो. एवढंच. साइटवर तिनं तो फुकट ठेवला होता. लोक खेळले, आणि पानाच्या खाली आपापल्या माणसांबद्दल लिहू लागले.

कॉम्प्युटर स्वयंपाकघरातच होता, चुलीशेजारच्या कोपऱ्यात. घरात तेवढीच खोली गरम राहते. दोब्रा सिंकपाशी पाठ करून मासे साफ करत होती.

"खेळ तुझ्याकडे आहे ना?" योंकानं बूड टेकत विचारलं.

"खेळ आहे. खालची माणसं गेली."

"कसली माणसं?"

"पोर्तुगालची एक बाई होती, दर शुक्रवारी मुलाबद्दल लिहायची. जपानचा एकजण भावाबद्दल. असे शेकड्यानं, मावशी. एकमेकांना उत्तरं द्यायचे, धीर द्यायचे. कुणाचा पत्ता नाही, निम्म्यांची खरी नावं नाहीत. ते तिथेच भेटायचे फक्त."

"साइटवाले काय म्हणतात?"

"म्हणतात कुणाची तक्रार नव्हती. माझ्याच खात्यातून काढलं, शनिवारी दुपारी, ह्याच घरातून. काढायच्या आधी खेळाचं नाव टाइप करायला लावतात, म्हणजे चुकून हात लागला असंही नाही. आणि एकदा गेलं की परत आणता येत नाही."

"तू कुठे होतीस?"

"बुर्गासला, दाताच्या डॉक्टरकडे."

"घरात कोण?"

"आई. झेकोकाका गहू घेऊन आला होता. आणि प्लामेन, त्याचा वाजवायचा कीबोर्ड न्यायला."

"पासवर्ड कुणाकुणाला ठाऊक आहे?"

"बाबांच्या होडीचं नाव आहे. सगळ्यांना ठाऊक. आणि खातं उघडंच असतं. घरात कोण चोर येणारे?"

"आला ना पण." योंका पडद्याकडे वाकली आणि तशीच मागे सरली. "अगं, अक्षरं आहेत का दुकानाच्या पाट्या?"

"काय की. मी लहान करते, परत मोठी होतात. दोन-तीन महिने झाले. काहीतरी बिघडलंय."

"दोब्रा, तू पाहिलंस कुणाला इथे बसलेलं?"

"मला त्यातलं काय कळतंय?" दोब्रा वळली नाही. "कॉफी घेणार?"

"हे काकाचंच काम आहे," नेव्हेना म्हणाली. "उद्या पोलिसांत तक्रार देते त्याच्यावर. ठरलंय माझं."

"उद्या दे. आज मला फिरून येऊ दे."

प्लामेन धक्क्यावरच्या खानावळीत वाजवायच्या आधी तारा जुळवत बसला होता. खेळाचं संगीत त्याचं. तेव्हा त्याचं आणि नेव्हेनाचं जमलेलं होतं. नंतर फाटलं.

"संगीत एका वर्षापुरतं दिलंय, असं तू म्हणाला होतास," योंकानं सुरुवात केली.

"म्हणालो होतो."

"वर्ष कधी भरलं?"

"गेल्याच आठवड्यात."

"आणि लगेच पान गायब. शनिवारी तू त्या घरात होतास."

"होतो. कीबोर्ड उचलला, दोब्राकाकूंनी हातावर गहू ठेवले, निघालो." त्यानं गिटार खाली ठेवली. "मावशी, आजी गेली माझी मार्चमध्ये. त्या पानाखाली मीही लिहिलंय, खोट्या नावानं. नेव्हेनाला कळलं तर मरून जाईन मी. माझ्या आजीवरून मीच बोळा फिरवीन?"

डोळे चोळायला लागला. योंकानं त्याच्या पाठीवर थाप मारली आणि निघाली.

झेको जाळ्याच्या ढिगावर बसून गाठी सोडवत होता. दिमोचा थोरला भाऊ, आणि गावातला सगळ्यात तोंडाळ माणूस.

"आलीस? मला वाटलंच. पोरीनं माझं नाव घेतलं असणार."

"घ्यायला कारण आहे. खेळातला मोठा भाऊ धाकट्याला बिघडलेल्या इंजिनावर पाठवतो. लोक तुझ्याकडे बोट दाखवतात."

"दाखवू देत. खरंच आहे ते." त्याची बोटं थांबली. "मीच म्हणालो होतो, एक फेरी मारेल हे इंजिन. झोप येत नाही मला, योंका. पण पान मी कशाला पुसू? त्या एका जागी तरी माझा भाऊ मेलेला होता! दारावर पत्रक होतं त्याचं. मी जाऊन बघायचो. इथे काय आहे? कबर नाही, मेणबत्ती नाही. दर मृतांच्या शनिवारी फादरच्या पाया पडतो, दिमोचं नाव वाच म्हणून. तो म्हणतो, बायको सांगेपर्यंत नाही. परवासुद्धा नाही वाचलं. अख्ख्या जगाची नावं वाचली, चिनी-जपानी सगळी, आणि माझ्या भावाचं नाही!"

योंका उभीच राहिली. समुद्रावरून गार वारा येत होता. तिनं झेकोला पुन्हा विचारलं, "दिमोचं नाव नक्की नाही वाचलं? मीही होते तिथे, पण मी गुडघ्याला रडत होते."

"कान देऊन ऐकत होतो मी. नाही म्हणजे नाही."

"मग झालं," योंका म्हणाली. झेकोला काहीच कळलं नाही. आणि योंकाला, जे कळलं ते कळलं नसतं तर बरं असं वाटत होतं.

ती परतली तेव्हा नेव्हेना तक्रार लिहीत होती. दोब्रा तव्यावर मासे टाकायच्या तयारीत.

"ठेव तो पेन," योंका म्हणाली. "तवा उतरव, दोब्रा. बसा दोघी."

दोघी बसल्या.

"कॉम्प्युटर बिघडलेला नाही, नेव्हेना. अक्षरं मोठी होतात, कारण कुणीतरी ती मोठी करतं. म्हाताऱ्या डोळ्यांचं माणूस, आणि एका दुपारी डोकावलेलं नव्हे. दोन-तीन महिने रोज बसणारं. म्हणजे ह्या घरात राहणारं."

नेव्हेना आईकडे बघायला लागली.

"एवढे दिवस त्या माणसानं काय वाचलं? पान तर दोन मिनिटांत वाचून होतं. वाचण्यासारखं होतं ते खाली. तू म्हणालीस, जपानचा एकजण भावाबद्दल लिहायचा. शनिवारी चर्चमध्ये फादरनं कुणा केंजीचं नाव वाचलं. मला वाटलं कुणाचा तरी सासरा असेल. पण ह्या गावात जपानी सून कुणाची आहे? आणि तसली नावं एकदोन नव्हती. गुडघा मोडेस्तोवर वाचत होता तो. तुझ्या पानाखालची सगळी मेलेली माणसं होती ती. सकाळी ती चर्चमध्ये पोचती झाली, दुपारी पान गेलं. ज्यानं पुसलं त्याला त्या लोकांचा राग नव्हता. घर पाडायच्या आधी आपण भाडेकरूंची सोय लावतो, तशी त्यानं त्यांची सोय लावली."

"काकानंही दिली असतील नावं," नेव्हेना पुटपुटली.

"काकानं दिली असती तर पहिलं नाव तुझ्या बाबांचं असतं. प्लामेननंही ते घातलंच असतं. पानावरचं सगळ्यात मोठं नाव तेच! ह्या गावात असं एकच माणूस आहे, जे सगळ्या जगाच्या मेलेल्यांची नावं देईल आणि नेमकं दिमोचं गाळेल."

दोब्रा ॲप्रनला हात पुसत होती. कोरडेच हात, तरी पुसत होती.

"बटण दाबलं की ते आपल्या भाषेत होतं," ती म्हणाली. "तू कामावर गेलीस की वाचायचे. त्या पोर्तुगालच्या बाईचा मुलगा पोहायला गेला होता गं. एकोणीस वर्षांचा. नुकताच दाढी करायला लागला होता. त्यांच्यात मृतांचा शनिवार नसतो, तिला कोण सांगणार? म्हणून मी फादरना सांगितलं. सगळ्यांचं सांगितलं. त्यांना उघड्यावर टाकून कसं काढणार होते मी?"

"पण का काढलंस, आई?"

"वर्ष झालं होतं ना. मागच्या मृतांच्या शनिवारी लावलंस तू ते. वाटलं, वर्षानं उतरवशील. लोक उतरवतात जुनं. तू नाही उतरवलंस. मग मी उतरवलं. परत न आलेल्या माणसाचं पत्रक दारावर किती दिवस ठेवायचं?"

"आई, बाबा गेले."

त्या स्वयंपाकघरात सहा वर्षांत हे कुणी बोललं नव्हतं. योंकाला उठून जावंसं वाटलं, पण गुडघ्यानं ऐकलं नाही.

"माहीत आहे मला," दोब्रा म्हणाली. "पहिल्याच हिवाळ्यात कळलं. त्याची गरम बंडी इथेच राहिली होती, तेव्हाच कळलं. पण झेको म्हणतो गेला, गाव म्हणतं गेला, तू फोटो लावून सांगतेस गेला. मग त्याची वाट कुणी बघायची? एकानं तरी बघायला नको?"

नेव्हेनाचा राग कुठेतरी अडकला.

"आई, मग ती बाई?" ती शेवटी म्हणाली. "ती दर शुक्रवारी येते तिथे. ह्या शुक्रवारीही येईल."

"येऊ दे की. तिचं लिहिलेलं आहे तसंच असेल. मी नुसतं पत्रक काढलं."

"नाही गं. तू सगळंच काढलंस. पत्रक, दार, दाराखाली बसलेली माणसं. ती येईल आणि तिथे काहीच नसेल. तिला आपला पत्ता ठाऊक नाही, आपल्याला तिचा नाही."

दोब्रा तिच्या तोंडाकडे बघत राहिली. मग कॉम्प्युटरकडे. काय झालंय ते तिला समजायला वेळ लागला, आणि समजत असताना तिच्याकडे बघवत नव्हतं. योंकानं आयुष्यात पुष्कळ गुन्हेगार समोर बसवले, कबूल करायला लावले. कुणाला पकडल्याचं तिला इतकं वाईट कधी वाटलं नव्हतं.

"म्हणजे ती शोधत बसेल," दोब्रा म्हणाली.

"हो."

"आणि तिला कुणी सांगणार नाही काय झालं ते."

"कसं सांगणार?"

दोब्रा उठली. खुर्ची ओढून कॉम्प्युटरसमोर ठेवली आणि मुलीचा दंड धरून तिला तिथे बसवलं.

"परत लाव. त्याच नावानं. शुक्रवारच्या आत."

"त्यांचं लिहिलेलं परत येणार नाही, आई. खाली रिकामंच असेल."

"असू दे. तिला दार तर दिसेल."

नेव्हेनानं हात पुढे केला आणि थांबली. "आणि पत्रक? ते नको ना? शेवट बदलते मी. दार मोकळं ठेवते."

"मोकळ्या दारावरून ओळखेल का ती?"

"नाही."

"मग लाव," दोब्रा म्हणाली. "फोटोही तोच लाव. हसतोय तो."

आणि मग ती सिंकपाशी गेली, नळ सोडला, आणि सहा वर्षांत पहिल्यांदा नवऱ्यासाठी रडली.