साडेपाच ते सहा

मी फार्मसिस्ट आहे. दिवसभर गोळ्या मोजते, लेबलं तपासते. न पाहिलेल्या गोष्टीवर विश्वास ठेवायचा माझा स्वभाव नाही. म्हणून आधीच सांगते, यातलं एक अक्षरही मी पदरचं घातलेलं नाही.

यंदाच्या जुलैची चौदा तारीख. मंगळवार. न्यूझीलंडमध्ये, ऑकलंडच्या दक्षिणेला टाकानिनीत नव्या वसाहतीतलं माझं भाड्याचं घर. शेजारची दोन घरं अजून विकली गेलेली नाहीत. जुलैत इथे हिवाळा असतो, साडेपाचलाच अंधार पडतो.

घरात मी एकटीच.

त्याच वेळी रोज माझं इंटरनेट जात होतं. साडेपाचला राउटरचा पांढरा दिवा लाल व्हायचा... आणि बरोबर सहाला परत पांढरा.

याची सुरुवात मीच केली होती. ते आधी सांगायला हवं.

माझी आई, प्रमोदिनी, पुण्यात एकटी राहायची. सकाळची पूजा आटोपली की अकराला मला व्हिडिओ कॉल करायची. तेव्हा इथे साडेपाच वाजलेले असायचे. मी दुकानातून घरी येऊन नुकतीच पर्स टाकलेली. काय खाल्लंस, स्वेटर घातलास का, त्या मुलाचं स्थळ पाहिलंस का. तिला चेहरा दिसायला हवा असायचा, म्हणून कॉल ओट्यावरच्या टॅबवर. तो नाही उचलला तर ती घाबरून माझ्या भावाच्या मागे लागायची.

दिवसभर लोकांचे खोकले ऐकून माझं डोकं उठलेलं असायचं. मला फक्त अर्धा तास शांतता हवी होती.

मुलांनी सारखं मोबाइलवर बसू नये म्हणून राउटरच्या ॲपमध्ये वेळ लावायची सोय असते. मी एप्रिलमध्ये ती लावली. साडेपाच ते सहा, बंद. लोक मुलांना लावतात ते कुलूप मी आईला लावलं.

तिला सांगितलं, इथे संध्याकाळी नेट जातं, कंपनी दुरुस्त करतेय.

आई अस्सल पुणेकर. म्हणाली, "तक्रार क्रमांक घेतलास का? त्याशिवाय काही हलत नाही." गॅस असो, पाणी असो, तिचे तक्रार क्रमांक भिंतीवरच्या कॅलेंडरवर लिहिलेले असायचे. काम झालं की पुढे बरोबरची खूण.

मी म्हटलं, घेतलाय. तेही खोटंच.

मग रविवारी मी सवडीने फोन करायची. मे महिन्याच्या शेवटी तिने नेटचं विचारणंच सोडलं. एकदा मीच विषय काढला, तर म्हणाली, "असू दे गं. होईल सावकाश."

दोन जूनला सहा वाजता दिवा पांढरा झाला आणि टॅबवर आईचे तीन मिस्ड कॉल दिसले. मी उलटा फोन लावला.

उचलला नाही.

आठला माझा भाऊ नितीश याचा फोन आला. आई गेली होती. हार्ट अटॅक. फोन तिच्या हातातच होता.

मी पोचेपर्यंत सगळं उरकलं होतं. तेरावा झाला, नितीशने फ्लॅटला कुलूप लावलं, मी परत आले. आल्याबरोबर पहिलं काम केलं ते ॲपमधली ती वेळ काढून टाकली. काय उपयोग होता आता त्याचा? तरी काढली.

दुसऱ्या दिवशी साडेपाचला...

ओट्यावरचा टॅब उजळला.

आवाज नाही. नाव नाही. नुसता पडदा उजळला आणि मिनिटभराने विझला.

तिसऱ्या दिवशीही तेच. चौथ्या दिवशीही. रोज साडेपाचला.

आठ जुलैला माझा धीर सुटला. टॅब पालथा घातला आणि रिकाम्या घरात मोठ्याने म्हणाले, "आई, नको गं."

नऊ तारखेपासून टॅब उजळायचा थांबला.

आणि नेट जायला लागलं.

मी सगळं करून पाहिलं. राउटर तीस सेकंद बंद ठेवला. मागच्या भोकात पिन घालून रीसेट केला. गॅरेजमधल्या फायबरच्या डब्याची वायर काढून परत बसवली. ॲपमध्ये एकही वेळ लावलेली नव्हती. तरी साडेपाच झाले की लाल. शेवटी त्या मंगळवारी दिवा लाल झाल्या झाल्या मोबाइलवरून कंपनीला फोन लावला.

वीस मिनिटं तेच संगीत.

मग एका तरुण आवाजाने इथला माओरी नमस्कार केला. "किया ओरा, चिराग बोलतोय." माझं नाव पाहून म्हणाला, मी ठाण्याचा, मराठीत बोललात तरी चालेल. मला एकदम बरं वाटलं. दुकानाबाहेर आठवडाभर मी कुणाशी बोललेच नव्हते.

त्याने लाइन तपासली. ती उत्तम होती. मग तो जरा गोंधळून म्हणाला, "पण हे तुमच्याच विनंतीवरून बंद होतंय ना?"

मी विचारलं, कुठली विनंती?

त्याने माझ्या खात्यावरच्या नोंदी वाचायला सुरुवात केली. मेमध्ये चार तक्रारी होत्या. तक्रार करणारी व्यक्ती, प्रमोदिनी. गेल्या वर्षी आई इथे आली होती तेव्हा फायबर बसवायला माणूस आला, मी कामावर होते, म्हणून खात्यावर तिचं नाव जोडलं होतं. ते तसंच राहिलं होतं.

माझ्या मुलीचं नेट रोज साडेपाचला जातं, कृपया बघा. असं तिने पुण्याहून चार वेळा सांगितलं होतं.

चौथ्या वेळी कंपनीने तिला उत्तर दिलं होतं. बिघाड नाही. ग्राहकाने स्वतःच वेळ लावून बंद ठेवलं आहे.

तारीख, बावीस मे.

म्हणजे तिला ठाऊक होतं. त्यानंतरही ती रोज अकराला कॉल लावत राहिली आणि मला एका शब्दाने बोलली नाही.

चिराग पुढे वाचत होता. "आणि ही नऊ जुलैची. ही मीच लिहिलीय. त्यांचं म्हणणं, मुलीने वेळ काढून टाकली आहे, ती परत लावा. ती दमून येते. अर्धा तास तिला कुणी त्रास देऊ नये."

नऊ जुलै...

"माझी आई दोन जूनला गेली," मी म्हटलं.



तो हळूच म्हणाला, "ताई, त्यांनी माझ्याकडून तक्रार क्रमांक दोनदा म्हणून घेतला. फोन ठेवताना विचारलं, जेवलास का."

मी तो क्रमांक लिहून घेतला. तो म्हणाला, विनंती काढून टाकू का? मी हो म्हटलं. भीतीने नाही. मला तिचा कॉल यायला हवा होता.

त्याच रात्री नितीशला फ्लॅटवर पाठवलं. किल्ली एकट्या त्याच्याकडे असते. तो मोबाइलवर मला घर दाखवत भिंतीपाशी गेला आणि थबकला. त्याने कुलूप लावलं तेव्हा कॅलेंडरवर जून होता.

आता जुलैचं पान होतं.

नऊ तारखेच्या चौकोनात आईच्या अक्षरात तोच क्रमांक. पुढे बरोबरची खूण.

नितीश दिवा मालवून बाहेर पडला.

त्याला आता तीन आठवडे झाले. नेट एकदाही गेलेलं नाही. मी रोज साडेपाचला टॅब समोर घेऊन बसते. आवाज ऐकू यावा म्हणून खोली गरम ठेवणारा हीट पंपसुद्धा बंद करते. पडदा काळाच राहतो. मला तिची फार आठवण येते आणि हे सांगायला इथे कुणी नाही.

काल सातला मोबाइल वाजला. चिराग होता. म्हणाला, "ताई, सांगू की नको कळत नव्हतं. पण त्यांची नवी नोंद आहे, कळवणं माझं काम आहे."

मी म्हटलं, वाच.

"नेट व्यवस्थित चालू आहे. मुलगी साडेपाचपासून टॅबसमोर अंधारात बसून राहते. तिला सांगा, आता उठ आणि जेवून घे."

माझ्या खिडक्यांचे पडदे लावलेले होते. घरात दिवा नव्हता. मी अशी बसते हे मी नितीशलाही सांगितलेलं नाही.

मी पेन घेतलं आणि चिरागकडून तक्रार क्रमांक दोनदा म्हणून घेतला.