तिसरा जोड

“मॅडम, सिनेमात मेलेल्या माणसाचे कपडे मंग कोण घालते?”

माझ्या मैत्रिणी रूपा आन् प्रगतीनं पैज लावली होती, म्हणून विचारलं. आजकाल मी कोणाला भीत नाही! शूटिंग आमच्या गावाजवळ, पैनगंगेच्या काठी होतं. प्रीती मॅडम मूळच्या मुधोळच्या, आता हैदराबादला सिनेमाचे कपडे करतात. शाळेच्या व्हरांड्यात त्यांच्या पेट्या मांडल्या होत्या.

मॅडम हसल्या नाहीत. “इकडं ये, मयूरी. उभी राह्य. सिनेमातली पोरगी तुझ्याच मापाची हाय.”

त्या पोरीला आमच्याच शाळेचा निळा युनिफॉर्म. पण एकाच कपड्याचे तीन जोड लागतात, हे मला तेव्हा कळलं. पहिला नवा. दुसरा, शेतात राबून फाटलेला. तिसरा, ती नदीत बुडून मेलेली सापडते तेव्हाचा.

दुसरा जोड मॅडमनी माझ्या हाती दिला. नवं कापड चहाच्या पाण्यात बुडवायचं, विटेनं घासायचं. कोपराला फाडायचं आन् गरिबाच्या आईनं शिवल्यासारखं शिवायचं. मी लाल दोऱ्यानं शिवलं. एक टाका वाकडा गेला.

“राहू दे. हात चांगला हाय तुझा.”

मला तर आभाळच ठेंगणं झालं! बाबांना मला मंचेरियलला अकरावीत बायपीसीला, म्हंजे जीवशास्त्राला घालायचं होतं, डॉक्टरकीसाठी. मला मात्र हेच काम करायचं होतं.

घरी आई तारेवरचा माझा युनिफॉर्म काढत होती. रविवार होता, तो सकाळपासून तिथंच वाळत होता.

“कोपर काऊन फाडलं? आन् हा लाल दोरा कुठला?”

फाटलेलं तिथंच. टाका तसाच वाकडा.

रूपानंच मस्करी केली असेल, असं वाटलं. दुसऱ्या दिवशी युनिफॉर्म धुऊन तारेवर टाकला, साधी सलवार घालून शूटिंगला गेले आन् मुद्दाम दुसऱ्या जोडाच्या कॉलरवर गरम चहा सांडला. धावत घरी आले. तारेवरच्या माझ्या युनिफॉर्मच्या कॉलरवर डाग होता. हात लावला. गरम होता.

परत जाऊन मॅडमला सांगितलं.

“तिसरा जोड कुठं हाय, मॅडम?”

“पेटीत. सकाळी पाहिलं, तर तयार होता.”

“कोणी केला?”

“तेच समजून नाही राह्यलं. मी तर अजून कापडही कापलं नव्हतं.”

मी पेटी उघडली नाही. घरी आले.

आई दारातच होती, हातात माझा युनिफॉर्म. खिशातून वाळू पडत होती.

“नदीवर गेलती का तू?”

“नाही, आई.”

“मंग हे काय?”

आतून बाबा आले. ते माझ्या तोंडाकडं पाहत नव्हते, पायाकडं पाहत होते. माझी सलवार कोरडी होती. तरी माझ्या पायाखाली फरशीवर पाणी साचत चाललं होतं.

“आई, बाबा,” मी म्हटलं, “मी बायपीसी घेणार नाही. मी मॅडमकडं कपड्याचं काम शिकणार. आन् तिसरा जोड माझ्या अंगावर यायच्या आत आजच उसवणार, माझ्या हातानं.”