टेपचं दुसरं टोक

हे घडलेलं आहे. कुणाच्या मित्राच्या मावशीकडून ऐकलेलं नाही. जिच्या हातात त्या टेपचं टोक होतं ती सरिता आजही रोज सकाळी दहा वाजता बेहडटोल्याच्या ग्रामपंचायतीचं कुलूप उघडते.

आणि रात्र नव्हती.

मागच्या मे महिन्यातला शुक्रवार. दुपारचा दीड. रामटेकपासून अकरा किलोमीटर आत, गावच्या तलावाच्या पाळीवर, म्हणजे मातीच्या बांधावर. तलावात तेव्हा थेंबभर पाणी नव्हतं. तळाला भेगा पडल्या होत्या आणि एवढं ऊन होतं की कुत्रीसुद्धा बाहेर नव्हती.

सरिता ग्रामपंचायतीत कॉम्प्युटर ऑपरेटर. दाखले, अर्ज, सातबाराच्या चकरा, हे तिचं काम. पण त्या महिन्यात तिच्या डोक्यावर आणखी एक काम बसलं होतं.

गणपतराव गुरुजी.

गुरुजी मूळचे याच गावचे. मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झाले आणि नागपुरात हुडकेश्वरला बंगला बांधून राहिले. त्यांना गावचा इतिहास लिहायचा होता. गावाने मागितला नव्हता. पण पहिल्या पानावर आपला फोटो येणार म्हटल्यावर सरपंच जितेंद्र लगेच तयार झाला. पुस्तकाचं नाव ठरलं, 'बेहडटोला : एक गौरवगाथा'.

गौरव कुणाचा, ते सरिताला तिसऱ्या पानावरच कळलं.

गुरुजी वहीत लिहून आणायचे आणि ती टाइप करायची. 'आमच्या गावचा विशाल तलाव मालगुजारसाहेबांनी स्वकष्टाने बांधला.'

स्वकष्टाने!

ज्या जमीनदाराच्या डोक्यावरची छत्रीसुद्धा दुसरा माणूस धरून चालायचा, त्याने म्हणे तलाव खोदला. ती छत्री धरणारे, हिशेबनिशी करणारे, मजुरांवर ओरडणारे दिवाणजी म्हणजे गुरुजींचे सख्खे आजोबा. त्यांच्यावर नऊ पानं होती. ते पहाटे किती वाजता उठत, तेही होतं.

सरिता ज्या टोलीत राहायची, गावाच्या दक्षिणेची बौद्ध वस्ती, तिच्यावर एक ओळ होती. 'गावात इतर समाजाचे लोकही गुण्यागोविंदाने राहतात.'

तिला गुरुजींचा राग येत नव्हता. राग यायला समोरचा माणूस तेवढा मोठा तरी हवा. तिला त्यांची किळस येत होती. त्यांच्या खिशातल्या चार पेनांची, स्वतःच्याच वाक्यावर मान डोलावण्याची, खुर्ची रुमालाने पुसून मग बसण्याची.

"गुरुजी, टोलीतल्या म्हाताऱ्यांले बी विचारा ना," ती एकदा म्हणाली. "तुळसाबाईले सगळं ठाऊक हाये."

"तुळसाबाई?" गुरुजी हसले. "तिला स्वतःची जन्मतारीख माहीत आहे का?"

तरी ते आले. शुक्रवारी सकाळीच आले. कारण प्रस्तावनेत 'वयोवृद्धांशी चर्चा करून' असं लिहायचं होतं.

तुळसाबाईने खाट झटकून दिली. गुरुजी बसले नाहीत. चहा आणला तर म्हणाले, डॉक्टरांनी बंद केला आहे. दारातच उभे राहून त्यांनी वही उघडली.

तुळसाबाईने सांगितलं ते असं. तिचं लग्न व्हायच्या कितीतरी आधी, एका पावसाळ्यात तलाव तुडुंब भरला आणि वळणावर पाळ फुटली. भर दुपारी. खाली शेतात धान उभा होता. मालगुजाराने टोलीतल्या माणसांना त्या भगदाडात उभं केलं. हाताला हात लावून, पाणी अडवायला. आणि वरून माती टाकायला लावली.

"माणसं बाहेर निघाले का, कोणं पायलं नाही," तुळसाबाई म्हणाली. "माती टाका, माती टाका, एवढंच चालू होतं. माह्या सासऱ्याचा मोठा भाऊ होता त्यात. लहानू. दोघातिघांचेच नावं मले ठाऊक हायेत. बाकीचे नावं गेले."

गुरुजींनी पेन खिशाला लावलं.

"याची कुठे नोंद आहे?"

"कायची?"

"कागद. लेखी."

"लेखी तर तुह्या आज्याच्या हातात होतं, गुरुजी."

गुरुजींचा चेहरा आक्रसला. "नोंद नाही म्हणजे घडलं नाही. इतिहास असा खाटेवर बसून होत नसतो, बाई." मग सरिताकडे वळून म्हणाले, "चल. पाळीची लांबी मोजायची आहे. इथल्या कुणाला ती अचूक माहीत नाही, यातच सगळं आलं."

"आता दुपारचं वळणावर नका जाऊ," तुळसाबाई म्हणाली.

"का?"

"त्या टायमाले तिकडे कोणी जात नाही."

"म्हणूनच मी जाणार," गुरुजी म्हणाले.

टेप पन्नास मीटरचा होता. टोकाची कडी सरिताच्या हातात, रीळ गुरुजींच्या हातात. ते पुढे जायचे, टेप ताणायचे, दोनदा हिसका द्यायचे. मग ती आकडा लिहायची.

पहिला टप्पा झाला. दुसरा झाला. तिसरा झाला.

चौथ्या टप्प्याला वळण आलं. तिथे पळसाची झुडपं दाट होती. गुरुजी झुडपांपलीकडे गेले आणि दिसेनासे झाले. टेप मात्र सरसर पुढे जात राहिला. मग ताणला गेला.

एक हिसका... दुसरा हिसका.

सरिताने वाकून कडी जमिनीला टेकवली. "झालं गुरुजी! किती आले?"



पुन्हा दोन हिसके. जरा जोरात.

तेव्हा तिच्या लक्षात आलं की केव्हापासून काहीच ऐकू येत नाहीये. दुपारी पळसात किडे किरकिरतात, होले घुमतात. ते सगळं बंद होतं.

"गुरुजी! किती आले?"

"थांब जरा! पाणी पितोय."

आवाज पुढून आला नव्हता.

आवाज खालून आला होता. पाळीच्या उतारावर, तिच्या डाव्या हाताला, मोहाच्या सावलीत गुरुजी बसले होते. एका हातात बाटली. दुसऱ्या हातात रुमाल.

"गुरुजी... रीळ कुठाय?"

"वरच ठेवून आलो. का?"

टेप पुन्हा ओढला गेला...

या वेळी दोन हिसके नव्हते. कुणीतरी हळूहळू, एका हातामागून दुसरा हात टाकत ओढावं, तसा. टेप सरिताच्या मुठीतून बोटभर सरकला. मग आणखी बोटभर.

"मग हे कोण ओढून राहिलं?"

गुरुजी उठले. त्यांनी ताणलेल्या टेपकडे पाहिलं आणि त्यांना, घाबरायचं सोडून, संताप आला. त्यांचा तोच स्वभाव. "टोलीतली रिकामटेकडी कार्टी असणार! शिस्त नाही, काही नाही. कोण आहे रे तिकडे?"

ते पाळीवर चढले आणि तरातरा झुडपांपलीकडे गेले.

टेप एकदम सैल पडला.

सरिता उभी राहिली. तिला वाटलं आता शिव्या ऐकू येतील, एखादं पोरगं पळताना दिसेल.

काही नाही.

मग ऐकू आला गुरुजींचा आवाज. हलका. खाली मान घालून बोलावं तसा.

"हाव जी... हाव... लिहितो... हाव जी."

सरिताच्या अंगावर काटा आला तो इथे. गेल्या महिनाभरात या माणसाने गावात कुणालाही 'जी' म्हटलं नव्हतं. आणि दुसरा आवाज नव्हताच. फक्त मध्ये मध्ये थांबणं होतं. समोरचा बोलत असताना आपण थांबतो, तेवढंच.

असं किती वेळ चाललं, तिला सांगता येत नाही. तिने टेप गोळा करायला सुरुवात केली, कारण हातांना काहीतरी काम हवं होतं. सात-आठ हात सुका आला.

पुढचा ओला होता.

ओला आणि चिखलाने माखलेला. ज्या तलावात मार्चपासून पाणी नव्हतं, त्याच्या पाळीवर.

गुरुजी झुडपांतून बाहेर आले. दोन्ही हात कोपरापर्यंत चिखलात. शर्टाला मात्र एक डाग नाही. ते तिच्याकडे न बघता तिच्या बाजूने निघून गेले. "चल," एवढंच म्हणाले.

ऑफिसात त्यांनी खुर्ची पुसली नाही. तसेच बसले. "लिही," म्हणाले.

सरिताने टाइप केलं. लहानू. पैकू. झिंगर. डोमा. चिंधी... गुरुजी अडखळत नव्हते. एकेक नाव, त्याच्या बापाचं नाव, वय. अकरा नावं. त्यात दोन बाया होत्या.

"पुढे लिही. सगळे उभे आहेत."

"उभे होते, असं ना गुरुजी?"

"आहेत," गुरुजी म्हणाले.

मग ते हात न धुताच बसस्टॉपकडे चालू लागले.

संध्याकाळी सरिताने ते पान तुळसाबाईला वाचून दाखवलं. 'पैकू' ऐकल्यावर म्हातारीने तिचं मनगट धरलं. "हे नाव तुले कोणं सांगतलं वं? माह्या सासूनं मरताना घेतलं होतं हे. माह्याबिगर कोणं ऐकलं नाही."

सरिताला त्या संध्याकाळी गुरुजींबद्दल पहिल्यांदा बरं वाटलं. माणूस सुधारला, असं वाटलं.

सोमवारी गुरुजी आले. इस्त्रीचा शर्ट, चार पेनं. खुर्ची रुमालाने पुसली. पानं चाळता चाळता ते त्या पानाशी थांबले.

"हे काय आहे?"

"तुम्हीच सांगतलं ना. शुक्रवारी."

"मी?" त्यांनी तिच्याकडे बघितलं. खोटं बोलणाऱ्याची नजर तिला ओळखू येते, दाखले देताना रोज दिसते. गुरुजींना खरंच आठवत होतं की नाही, हे मात्र ती आजही ठामपणे सांगू शकत नाही. एवढं खरं की त्यांनी ते पान दोनदा वाचलं.

मग त्यांनी लाल पेन काढलं आणि पानावर आडवी रेघ मारली. "तुमच्या लोकांना प्रत्येक ठिकाणी घुसायचं असतं," ते म्हणाले.

तिचा जरासा निवळलेला तिरस्कार परत जागेवर आला. पहिल्यापेक्षा घट्ट.

जूनमध्ये पुस्तक निघालं. दिवाणजींची नऊ पानं जशीच्या तशी. सरपंच जितेंद्रचे सात फोटो. नारळ, शाल, टाळ्या. टोलीतून कुणी गेलं नाही. बोलावलंही नव्हतं.

दिवाळीनंतर एका दुपारी सरिताचा फोन वाजला.

"सरिताताई ना? मी पायल बोलतेय, हुडकेश्वरहून. गणपतरावांची सून. तुमच्याकडे बाबांना काही झालं होतं का हो?"

"काहून? काय झालं?"

पायल सगळं भडाभडा बोलली. बाबा रोज दुपारी दीड वाजता जेवणावरून उठतात. मागच्या अंगणात जातात. खोदतात. घमेलं भरतात, उचलतात आणि बाजूला देतात.

"कोणाले देतात?"

"कोणालाच नाही. नुसतं बाजूला धरतात. आणि ताई... घमेलं रिकामं होतं."

"सांडवत असतील."

"मी पण तेच समजली होती. पण मग माती दिसली पाहिजे ना? कमरेएवढा खड्डा झालाय ताई. अंगणात एक ढेकूळ नाही. मिस्टर म्हणतात डॉक्टरला दाखवू. दाखवलं पण. त्याने झोपेच्या गोळ्या दिल्या. दुपारी दीडला काय झोप देणार?"

सरिता "पाहते," म्हणाली आणि फोन ठेवला.

चार दिवसांनी तलावाच्या पाणीसाठ्याचा फोटो तालुक्याला पाठवायचा होता. ती सकाळी दहाला गेली. सोबत कोतवालाला घेतलं. तलाव काठोकाठ होता. वळणापर्यंत जायचं नव्हतं, पण कोतवाल पुढे चालत गेला आणि तिथून ओरडला.

"ताई, ही माती कोणं आणली वं?"

आमच्याकडची पाळ मुरमाची. लाल-पिवळी. पिढ्यान्‌पिढ्या तशीच.

वळणावर, पाळीच्या माथ्यावर, हातभर उंचीचा नवा थर होता.

काळाभोर.

नागपूरच्या दक्षिणेला, हुडकेश्वरकडे असते ना... तशी काळी, चिकट माती. वर थापून थापून सपाट केलेली. फावड्याने नव्हे. हातांनी. सगळीकडे पंजे उमटले होते. लहान, मोठे, रुंद. गाडीची चाकोरी नव्हती. येण्याजाण्याचं एक पाऊल नव्हतं.

कोतवालाने चप्पल काढली आणि हात जोडले. सरिताने फोटो काढला, पण तलावाचाच. त्या मातीचा काढायचं धाडस तिला झालं नाही.

ते रेघ मारलेलं पान अजून तिच्या कॉम्प्युटरमध्ये आहे. तिला वाटतं, ते छापलं तर कदाचित थांबेल. पायलला तेवढं सांगितलं तरी पुरे. सरिताची मावशी म्हणते सांग, तुळसाबाईसुद्धा म्हणते सांगून टाक, सुनेचा काय दोष.

सरिताने सांगितलेलं नाही.

का, ते तिला विचारलं तर ती चिडते. "रोज दुपारी माती कोणाले देतो, थे त्याले ठाऊक हाये ना? मग त्यानं लिहावं. मी काहून लिहू?" असं म्हणते. पण म्हणताना तिचा हात उगाच दुसऱ्या हाताचं मनगट चोळत असतो.

मागच्या आठवड्यात पायलचा पुन्हा फोन आला. खड्डा आता छातीपर्यंत आलाय. बाबा वर यायला शिडी मागत नाहीत. आणि परवा खोदताना त्यांनी मान वर करून, अगदी ओळखीच्या माणसाला विचारावं तसं, विचारलं होतं...

"सरिता आली नाही का अजून?"

त्या दिवसापासून दुपारी दीडला फोन वाजला की सरिता तो उचलत नाही. टेबलावर उपडा ठेवते आणि वाजून वाजून बंद होईपर्यंत त्याच्याकडे बघत बसते.