पडद्यावर नाव

सिनेमा ऐन रंगात आला आणि फिल्म तुटली! कोल्हारच्या यात्रेतला तंबू शिट्ट्यांनी नुसता दणाणला. तेवढ्यात आम्हा बायकांच्या बाजूला, कनातीवरून एक डोकं वर आलं.

"कुनाकडं नखाला लावायचं पॉलिश हाय का? जोड लावायचं औषध पार वाळून गेलंय..."

बायका खिदळल्या आणि सगळ्या माझ्याकडेच बघू लागल्या. संगमनेरला कॉलेजात शिकणारी मी एकटीच ना! मान खाली घालून मी पिशवीतली बाटली दिली. सिनेमा पुन्हा सुरू झाला.

सुटल्यावर तो बाहेर उभाच होता. गोरक्ष... इथलाच, पण मुंबईला सिनेमाच्या संकलकाच्या हाताखाली काम करणारा; फिल्म तुटली म्हणून तंबूवाल्याच्या मदतीला धावलेला.

"निम्मी संपली. नवी आनून देतो."

"असंच मागत फिरता का गावोगाव?"

"न्हाई ओ. आमचं काम कापायचं नि जोडायचं. मागितलं आज पैल्यांदाच—"

नवी बाटली द्यायला तो संगमनेरच्या स्टँडवर आला. मग मुंबईहून गावी आला, की बाटलीवाचूनही येऊ लागला. खोटं कशाला सांगू, मी पुरती वेडी झाले होते. शेवटी त्याने माझ्या वडिलांकडे, दादांकडे, मागणीच घातली.

दादांनी त्याला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं. "पडद्यावर नाव येतं का तुजं?"

"अजून न्हाई."

"मंग ज्या दिशी ईल, त्या दिशी बोलू."

मग राहुरीकडची स्थळं येत राहिली आणि मी नाक मुरडून ती परतवत राहिले. पुढच्या यात्रेला गोरक्षचा सिनेमा तंबूत लागला. सहायक संकलक म्हणून नाव होतं... शेवटून दुसरं! दादा कोरा फेटा बांधून आले.

दिवे गेले. आणि एकदम गोष्टच सुरू झाली! दोन खेळ बसवायचे म्हणून तंबूवाल्याने नावांच्या पाट्या सरळ कापल्या होत्या. सगळ्याच सिनेमांच्या तो कापायचा. मला रडू आवरेना. सिनेमा काय चाललाय, दिसतच नव्हतं.

खेळ सुटल्यावर दादा बाहेर फेट्याच्या शेवाने डोळे पुसत होते.

"नाव तर न्हाई आलं," ते म्हणाले. गोरक्षने मान खाली घातली. "पन सिनेमातली ती म्हातारी लेकाच्या वाटंकडं बगत बसती... लई येळ. कुनी काय बोलत न्हाई. तेवढा येळ कुनी ठेवला?"

"मी. सायेब म्हनत हुते, लांबतंय, कापून टाक. मी लई भांडलो त्यांच्याशी."

दादांनी फेट्याचा शेव खांद्यावर टाकला. मी पदर दातात धरून उभी.

"माजी आय अशीच बसायची वट्यावर," ते म्हणाले आणि माझ्याकडे वळले. "मालन, म्होरं हो. चुलीवर च्याचं आदन ठेव. जावई येत्यात घरी."